फळांचा उन्हाळी वाइन पंच : पार्ल्यातल्या घरच्या प्रयोगांच्या नोंदी

४ एप्रिल, शनिवार

थोरल्या दीर-जावेच्या लग्नाला येत्या २ मे रोजी पंचवीस वर्षे पूर्ण होत आहेत आणि त्या संध्याकाळी आमच्या विलेपार्ल्याच्या घरी वीस माणसे जमणार आहेत. त्यांपैकी चौदा जण वाइन घेणारे आहेत. एका मोठ्या भांड्यात फळांचा पंच करायचा, ज्याने त्याने डावाने आपला पेला भरून घ्यायचा आणि यजमानांनीही चार घटका बसायचे, असा बेत आहे.

वाचलेल्या बहुतेक कृती स्पेन-पोर्तुगालच्या सांग्रियावर, म्हणजे वाइनमध्ये फळे घालून केलेल्या पेयावर, बेतलेल्या असून त्यांत पीच, सफरचंद आणि संत्री सांगितलेली असतात. आपल्याकडे एप्रिलच्या अखेरीस बाजारात हापूस, कलिंगड, जांब आणि ताडगोळे असतात, हवा चौतीस अंशांच्या आसपास आणि दमट असते, शिवाय दिवाणखान्यात वीस माणसे असली की वातानुकूलन यंत्राचाही फारसा उपयोग होत नाही. त्यामुळे कृती जशीच्या तशी उचलण्याऐवजी आधी थोड्या प्रमाणात करून पाहायचे ठरवले आहे.

५ एप्रिल, रविवार

पहिला घाणा नेहमीच्या सांग्रियाच्या पद्धतीने केला : नाशिकची शिराझ ही तांबडी वाइन एक बाटली, ६० मिलिलिटर ब्रँडी, तीन संत्र्यांच्या सालीसकट चकत्या, पाव कलिंगडाच्या फोडी आणि चार चमचे साखर. काल रात्री हे सगळे एकत्र करून फ्रिजमध्ये ठेवले होते.

आज दुपारी चाखले तेव्हा पहिल्या घोटालाच कडवटपणा जिभेच्या मुळाशी जाऊन बसला. तो संत्र्याच्या सालीखालच्या पांढऱ्या भागातून आणि बियांतून रात्रभर उतरला होता. हंगामाच्या शेवटची संत्री आत कोरडी झालेली असल्यामुळे त्यांच्यात रस कमी आणि साल-बियाच जास्त होत्या. कलिंगडाने आपले सगळे पाणी वाइनमध्ये सोडले आणि फोडी भिजलेल्या स्पंजासारख्या झाल्या. साखरेचा निम्मा भाग तळाशी तसाच पडून राहिला, कारण गार द्रवात साखर नीट विरघळत नाही. त्यात तांबडी वाइन इतकी गार केली की तिच्यातला तुरटपणा अधिकच जाणवतो, आणि पंच तर गारच प्यायचा असतो. सुमारे एक हजार रुपयांचा हा घाणा बेसिनमध्ये गेला.

त्यातून तीन निर्णय झाले. वाइन पांढरी घ्यायची, साखर पाकाच्या रूपात घालायची आणि ब्रँडी वगळायची. ब्रँडीने पंच जड होतो हे एक कारण आहेच. दुसरे असे की आपल्या राज्यात वाइनसाठी वयाची अट २१ वर्षांची आणि ब्रँडी-रमसाठी २५ वर्षांची आहे, आणि ज्यांचा समारंभ आहे त्यांचा मुलगा २२ वर्षांचा आहे. आईबापांच्या समारंभात मुलाला बाजूला बसवणे बरे दिसणार नाही.

९ एप्रिल, गुरुवार

यापुढे अख्खी बाटली पणाला लावायची नाही. खोकल्याच्या औषधाबरोबर प्लास्टिकचे जे छोटे माप येते, त्यावर मिलिलिटरच्या रेघा असतात. त्या मापाने पेल्यात शंभर शंभर मिलिलिटरचे नमुने करून पाहिले. असा नमुना फसला तर वाया जाणारी वाइन अर्ध्या वाटीहूनही कमी असते, म्हणून ज्यांना हा खटाटोप करायचा आहे त्यांनी हे माप आधी धुऊन जवळ ठेवावे.

नाशिकच्याच शेनिन ब्लांक आणि सोव्हिन्यो ब्लांक या दोन पांढऱ्या वाइन घेतल्या. परदेशी वाइनचा विचारही केला नाही. राज्याने २००१ साली आखलेल्या द्राक्ष प्रक्रिया धोरणापासून इथल्या द्राक्षांच्या वाइनला उत्पादन शुल्कात मोठी सवलत मिळत आली आहे, आणि ज्यात फळे, पाक व सोडा घालायचा त्या वाइनसाठी दुप्पट पैसे मोजण्यात काही अर्थ नाही.

सोव्हिन्यो ब्लांकला हिरव्या पाल्यासारखा वास असतो. कैरी आणि पुदिन्याबरोबर तो फार छान जमला, पण हापूसबरोबर घेतल्यावर दोघांनीही एकमेकांचा वास मारला. शेनिन ब्लांक मुळातच किंचित गोडसर असून तिच्यातला आंबटपणाही टिकून राहतो. ती हापूस, जांब आणि लिंबू या तिघांनाही सांभाळून घेते. तीच ठरली. बाटली सुमारे नऊशे रुपयांना पडली.

आणखी एक गोष्ट लक्षात आली. साध्या तापमानाला जो नमुना अगदी बेताचा गोड लागला होता, तोच फ्रिजमधून काढल्यावर आंबट लागला. गारव्यात जिभेला गोडी कमी कळते. म्हणून पाकाचे प्रमाण पंच गार करून, चाखूनच ठरवावे.

१२ एप्रिल, रविवार

आजचा दिवस हापूसचा होता. देवगडची पेटी घरात आलेली होती, तीतले दोन पिकलेले आंबे घेऊन त्यांचा रस मिक्सरमधून काढला आणि तो थेट वाइनमध्ये ढवळला. रंग पाहून सगळे खूश झाले. वरून सोडा ओतताच मात्र फेसाचा पिवळा डोंगर उसळून पातेल्याच्या काठावरून ओट्यावर आला. रसातल्या बारीक कणांभोवती सोड्याचे बुडबुडे एकदम सुटतात आणि सोडा तिथल्या तिथे मरतो. दहा मिनिटांनी रस तळाशी आणि पातळ वाइन वर, असे दोन थर झाले. चवीला ते वाईट नव्हते, पण आमरसात कोणीतरी वाइन सांडली असावी असे ते लागत होते, आणि आमरसाशी असला व्यवहार आमच्या सासूबाईंना मान्य होणे शक्य नव्हते. "आंबा खायचा तर खा, त्याचे हे हाल कशाला?" एवढेच त्या म्हणाल्या.

दुसऱ्या खेपेला रस मिक्सरला न लावता हाताने पिळून चाळणीतून गाळला. एका बाटलीला २०० ग्रॅम या प्रमाणात तो वाइनमध्ये मिसळून झाकणाच्या काचेच्या बरणीत घातला आणि बरणी फ्रिजमध्ये अजिबात न हलवता ठेवली.

१३ एप्रिल, सोमवार

रात्रभरात गर बरणीच्या तळाशी चार बोटे बसला होता. वरची वाइन दुहेरी मलमलच्या कापडातून अलगद गाळून घेतली. शेवटचा भाग कापडातून उतरायला पाऊण तास लागला. मध्ये घाईने फडके पिळले तर गर पुन्हा खाली उतरला आणि तेवढा भाग नव्याने गाळावा लागला. फडके टांगून ठेवावे आणि त्याकडे पाहू नये, हेच उत्तम. मिळालेली वाइन पूर्ण नितळ नसली तरी केशराच्या पाण्यासारख्या रंगाची आहे, तिला हापूसचा वास स्पष्ट येतो आणि सोडा घातल्यावर फेस बेताचाच येतो. बाटलीमागे साधारण शंभर मिलिलिटर वाइन गरात अडकून जाते, तो तोटा गृहीत धरावा.

उरलेला गर आटीव दुधात मिसळून कुल्फीच्या साच्यात घातला. तो घट्ट गोठला नाही, कारण मद्यार्कामुळे द्रव गोठण्याचे तापमान खाली जाते. चमच्याने खाण्याजोगा झाला, आणि संपलाही.

१८ एप्रिल, शनिवार

सबंध प्रकल्पातली कळीची बाब बर्फ आहे, हे आज नीट समजले. गेल्या वर्षी एका परिचितांकडे प्यालेला पंच पहिल्या पेल्यात झकास आणि तिसऱ्या पेल्यात फळे घातलेले पाणी का झाला होता, याचेही उत्तर मिळाले.

बाहेर ठेवलेल्या एक लिटर पाण्यात फ्रिजच्या ट्रेमधले अर्धा किलो बर्फाचे खडे टाकले. अर्ध्या तासात तीन चतुर्थांशांहून अधिक बर्फ वितळला. हिशेब साधा आहे : ३३ अंशांचा एक लिटर द्रव शून्यापर्यंत आणायचा तर चारशे ग्रॅमहून जास्त बर्फ वितळावाच लागतो, मग त्या बर्फाचा आकार कोणताही असो. म्हणजे सामान बाहेरच्या तापमानाचे असेल तर पंचामध्ये चाळीस टक्के पाणी आपण स्वतःच घालत असतो. दुसऱ्या पातेल्यात फ्रिजमध्ये रात्रभर ठेवलेले एक लिटर पाणी घेतले आणि त्यात आइस्क्रीमच्या रिकाम्या डब्यात गोठवलेला बर्फाचा एकच ठोकळा सोडला. अर्ध्या तासाने ठोकळ्याच्या कडा तेवढ्या गोल झाल्या होत्या, आणि पाणी दातांना कळ लागण्याइतके गार होते.

म्हणून वाइन, पाक, सोडा, लिंबाचा रस आणि फळेसुद्धा आदल्या रात्रीपासून फ्रिजमध्ये असली पाहिजेत. पातेलेही शेवटचा तासभर आत ठेवावे. बर्फाचे काम पंच गार करण्याचे नसून गार झालेला पंच गार राखण्याचे आहे. ठोकळा उकळून निवलेल्या पाण्याचा करावा, आणि एक लिटरचा डबा पुरता गोठायला एक अख्खी रात्र आणि वर अर्धा दिवस द्यावा. आमच्या फ्रीझरमध्ये दोन डबे मावण्यासाठी मटारची पिशवी आणि वर्षाच्या बेगमीचे खवलेले खोबरे शेजारच्या काकूंच्या फ्रीझरमध्ये पाहुणे म्हणून पाठवावे लागणार आहे.

२० एप्रिल, सोमवार

बर्फाच्या ठोकळ्याऐवजी फळांच्या रसाचाच बर्फ केला तर वितळूनही चव पातळ होणार नाही, असा विचार करून काल मोसंबीचा रस गोठवला होता. आज तो वितळवून पाहिला तर कडू. मोसंबीचा रस काढून ठेवला की त्यात लिमोनिन नावाचे कडू द्रव्य हळूहळू तयार होत जाते. रसवंतीवाला मोसंबी आपल्यासमोरच पिळून देतो आणि आपण ती तिथेच उभ्याने पितो, त्यात शहाणपण आहे. अर्धा डझन मोसंबी वाया गेली.

कलिंगडाचा गाळलेला रस मात्र उत्तम गोठला. त्याचे ट्रेमधले तांबडे खडे पेल्यात एक-एक टाकायचे आणि पाण्याचा ठोकळा पातेल्यात ठेवायचा, अशी विभागणी केली आहे. पाच तारखेला ज्या कलिंगडाने घाणा बुडवला होता, त्याचे पाणी आता कामी येते आहे.

२३ एप्रिल, गुरुवार

भांड्याचा प्रश्न. तोटी असलेली काचेची मोठी बरणी साडेबाराशे रुपयांना आणली. दिसायला देखणी आहे. पण पुदिन्याचे एकच पान तोटीत अडकले आणि प्रवाह थांबला. पान काढण्यासाठी बरणी पूर्ण रिकामी करावी लागली. सासूबाईंनी माळ्यावरचे पितळी घंगाळ सुचवले. ते खरोखर शोभले असते, परंतु त्याची कल्हई केव्हाच उडाली आहे आणि आंबट पदार्थ उघड्या पितळेत ठेवला की तो कळकतो, हे त्यांनाच आठवून त्यांनी आपली सूचना मागे घेतली. शेवटी घरातले दहा लिटरचे स्टीलचे पातेले मुक्रर झाले.

पातेले पसरट घमेल्यात ठेवून भोवती बर्फ आणि जाडे मीठ भरायचे, म्हणजे पॉटच्या आइस्क्रीमची युक्ती वापरायची. या बाहेरच्या थरासाठी कारखान्याची लादी चालते. खाण्यायोग्य नसलेल्या बर्फाला निळा रंग देण्याची सक्ती राज्याच्या अन्न व औषध प्रशासनाने २०१८ साली केली. म्हणून लादीवर निळसर छटा दिसली तर तिचा एकही तुकडा पातेल्याच्या आत जाता कामा नये. मिठाचे पाणी आत शिरू नये यासाठी पातेल्याचा काठ घमेल्याच्या काठापेक्षा निदान चार बोटे उंच असावा.

२६ एप्रिल, रविवार

आज फळे पाहायला बाजारात गेले. जांब दोन प्रकारचे होते, पांढरट हिरवे आणि गुलाबी. गुलाबी दिसायला सुरेख असले तरी पंचासाठी पांढरे अधिक चांगले, कारण ते कुरकुरीत असतात, चिरल्यावर लवकर काळे पडत नाहीत आणि पृष्ठभागावर तरंगतात. ताडगोळे वसईहून आलेल्या मावशींकडे होते. शनिवारी संध्याकाळी लागणार असल्याचे सांगितल्यावर त्या म्हणाल्या, "मग शनिवारी सकाळीच ये गो, आदल्या दिवशीचा नेशील तर आंबूस लागेल." मी तरीही परीक्षेसाठी सहा घेतले.

ताडगोळा सोलायला वेळ लागतो. वरची पिवळसर पातळ साल नखाने धरून हळूच ओढली तर एका तुकड्यात निघते. जोर केला की गोळा फुटतो आणि आतले गोड पाणी मनगटावरून कोपरापर्यंत ओघळते. ते पाणी ओट्यावर सांडू न देता वाटीवर धरून सोलावे आणि पंचामध्ये घालावे. सोललेल्या चकत्या रात्री वाइनमध्ये टाकून पाहिल्या.

२७ एप्रिल, सोमवार

ताडगोळ्याच्या चकत्या चिवट झाल्या. जांबाच्या फोडी मात्र वाइन पिऊन अधिकच चवदार झाल्या आणि त्यांचा कुरकुरीतपणाही बराचसा टिकला. तेव्हा जांब चार तास आधी, ताडगोळे वाढण्याच्या वेळी आणि पुदिना सगळ्यांत शेवटी, असा क्रम ठरला.

३० एप्रिल, गुरुवार

वाइनच्या चार बाटल्या आजच आणल्या. उद्या महाराष्ट्र दिन असल्याने ड्राय डे आहे, दुकाने बंद राहतील आणि शनिवारी ऐन वेळी धावपळ नको. चारही बाटल्या लगेच फ्रिजमध्ये आडव्या ठेवल्या. या बाटल्यांना बुचाऐवजी फिरकीचे झाकण असल्याने गळती होत नाही. भाज्यांची जागा गेली म्हणून आज-उद्या कडधान्याच्या उसळी होतील.

१ मे, शुक्रवार

दोन बाटल्यांमध्ये हापूसचा रस घालून बरणी फ्रिजमध्ये ठेवली. समभाग साखर व पाण्याचा पाक करून गार केला. ठोकळ्यांचे डबे कालपासूनच फ्रीझरमध्ये आहेत. कलिंगडाचा रस ट्रेमध्ये ओतला.

२ मे, शनिवार

सकाळी सात वाजता ताडगोळे आणले. दहा वाजता आंब्याची वाइन गाळायला टांगली. तीन वाजता ती उरलेल्या दोन बाटल्यांच्या वाइनमध्ये मिसळून त्यात अर्धा किलो जांबाच्या फोडी घातल्या आणि सगळे पुन्हा फ्रिजमध्ये ठेवले. सात वाजता पातेले मांडले.

अंतिम प्रमाण असे आहे : वाइन जेमतेम तीन लिटर, पाक पाव लिटर, लिंबाचा रस १२० मिलिलिटर, ताडगोळ्याचे पाणी सुमारे अर्धी वाटी, चिमूटभर सैंधव, बर्फाचा एक ठोकळा, आणि पाहुणे पेले हातात घेऊन उभे राहिल्यावर दीड लिटर गार सोडा, तोही कडेने हळूहळू ओतून. गार द्रवात सोड्याचा वायू टिकतो, कोमट द्रवात तो उडून जातो, त्यामुळे सोडा अगोदर घालून ठेवू नये. कलिंगडाचे खडे धरून आणि ठोकळ्याचे वितळलेले पाणी मोजून एकूण पंच सहा लिटरांच्या आसपास भरतो. वाइनमध्ये बारा टक्के मद्यार्क धरला तर पंचामध्ये तो सुमारे सहा टक्के येतो. युरोपीय संघाच्या २०१४ सालच्या नियमानुसार सांग्रियात तो किमान साडेचार टक्के आणि बारांपेक्षा कमी असावा लागतो, तेव्हा आपला पंच सौम्य बाजूलाच आहे. तरीही गोडीमुळे तो सरबतासारखा पटापट पोटात जातो, म्हणून गाडी चालवणाऱ्या दोघांना आधीच सांगून ठेवले होते.

न घेणाऱ्यांसाठी तोटीच्या त्या बरणीत कोकमाचे सरबत ठेवले. त्यात पाने नसल्याने तोटी सुरळीत चालली. दोन्हींचे पेले वेगळ्या आकाराचे ठेवले होते, अन्यथा रंगांवरून घोटाळा झाला नसता तरी हातांवरून नक्की झाला असता.

साडेनऊ वाजता चाखले तेव्हा पंच पहिल्या पेल्यापेक्षा थोडा सौम्य, पण पाणचट अजिबात नव्हता. दुसरा ठोकळा लागलाच नाही. एक अडचण मात्र आली. चिरलेली फळे या हवेत दोन तासांहून अधिक बाहेर ठेवायची नाहीत म्हणून ताडगोळे दोन वाट्यांत विभागले होते आणि दुसरी वाटी फ्रिजमध्ये होती. ती बाहेर काढायची राहून गेली. तिच्यावरून जाऊबाईंनी मला चांगलेच घेतले, आणि मग ती त्यांनी एकटीनेच संपवली.

३ मे, रविवार

तळाशी अर्धा लिटर पंच उरला होता. सोडा गेला होता आणि पुदिना काळा पडला होता, म्हणून तो टाकला. जांबाच्या फोडी गाळून फ्रिजमध्ये ठेवल्या होत्या, त्या सकाळी कोणी खाल्ल्या हे कळले नाही.

कालचा खर्च : वाइन ३,६००, हापूस ३००, ताडगोळे १५०, जांब १००, कलिंगड ८०, लिंबे व पुदिना ८०, सोडा ४०, लादी व जाडे मीठ १३०, साखर घरची. एकूण ४,४८० रुपये, म्हणजे पिणाऱ्या माणशी ३२० रुपये. महिनाभराच्या प्रयोगांत याखेरीज साधारण पाच हजार रुपये गेले, त्यात ती बरणीही आली. ज्यांना थेट वरच्या प्रमाणाने करायचे आहे, त्यांचा हा दुसरा खर्च वाचेल.

सहा जणांसाठी करायचे असल्यास दोन बाटल्या पुरतील आणि आंब्याचा रस त्यांपैकी एकीतच घालावा. पाक, लिंबू आणि सोडा निम्मा करावा, पण बर्फाचा ठोकळा मात्र निम्मा करू नये. अर्ध्या लिटरचा ठोकळा दिवाणखान्यात तासभरही टिकत नाही.